चाळीस वेढ्यांची विहीर

१

दिपालीच्या हळदीच्या सकाळी खारवलीच्या विहिरीवर सतकाटा टांगला गेला आणि तो हललाच नाही.

विहिरीभोवती अर्धं गाव जमलं होतं. बायका नव्या साड्या नेसून कमरेवर घागरी घेऊन उभ्या होत्या. नवरीचे वडील सावळाराम तरे कडक इस्त्रीच्या पांढऱ्या सदऱ्यात सगळ्यांच्या पुढे होते, आणि मागे मांडवात डीजे इतक्या जोरात वाजत होता की घागरींना हात लावला तर कंप कळावा. फक्त काटा तेवढा गप्प होता.

सत म्हणजे काय, हे खारवलीत कुणाला समजावून सांगावं लागत नाही. काही जागी गेलं की माणसाचा जीव हलका होतो. भांडत आलेले दोघं तिथे घोटभर पाणी पितात आणि एकमेकांच्या पोराबाळांची चौकशी करू लागतात. अशा जागेत सत आहे, असं लोक आधीपासून म्हणत आले होते. पुढे ते मोजायचं साधन निघालं आणि विजेच्या मीटरसारखं तेही अंगवळणी पडलं. सुती धाग्याला टांगलेली एक तांब्याची चकती, हा सतकाटा. सत असेल तिथे चकती आपोआप फिरायला लागते, आणि थांबेपर्यंत जेवढे फेरे होतात तेवढे वेढे. घरातल्या देव्हाऱ्याला एखाद-दुसरा वेढा असतो. वज्रेश्वरीच्या गरम कुंडाला तीसच्या आसपास. खारवलीच्या विहिरीला मात्र दर जत्रेला चाळीस. शाळेत पोरांकडून एक नियम पाठ करून घेतात: सत जन्मत नाही, सत मरत नाही, सत फक्त जागा बदलतं.

काटा धरून उभ्या होत्या धम्मदिना रोकडे, भिवंडीच्या सतमापन कचेरीतल्या अधिकारी. चाळिशीच्या, कमी बोलणाऱ्या, आणि गावागावांतून फिरल्यामुळे कुठल्या गावात कोणता पदार्थ चांगला होतो हे तोंडपाठ असलेल्या. खरं तर आजचं मोजमाप नुसतं हौसेचं होतं. सावळारामांनी लग्नपत्रिकेवर ‘चाळीस वेढ्यांच्या पाण्याची हळद’ असं छापून घेतलं होतं आणि पाहुण्यांसमोर ते दाखवायचं होतं.

धम्मदिनांनी चकती पुसली, धागा बदलला, पुन्हा टांगली. शून्य. मग काटा बिघडला असेल म्हणून तऱ्यांच्या घरात जाऊन देव्हाऱ्यासमोर धरला, तर तिथे चकती शहाण्यासारखी दीड वेढा फिरली. काटा ठीक होता.

गर्दीत कुजबुज सुरू झाली. ज्या विहिरीत दहा वेढ्यांहून कमी सत निघेल, तिचं सरकारी संरक्षण जातं. आणि मानकोलीच्या गोदामांकडून येणाऱ्या ट्रेलरच्या रस्त्याची आखणी नेमकी या विहिरीवरून झालेली होती. सावळारामांच्या डोळ्यांपुढे रस्ता नव्हताच. त्यांना फक्त मुलीची हळद दिसत होती. सत नसलेल्या पाण्यानं तिला हळद लागणार नाही, असं त्यांनी जाहीर केलं आणि डीजे बंद करायला लावला.

सत मरत नाही. मग ते कुठेतरी गेलं होतं, आणि त्याला नेणारं कुणीतरी होतं.

त्या शांततेत विहिरीची राखण करणारा पंढरी पुढे आला. त्यानं घसा साफ केला आणि म्हणाला, “कोनी नेला ता मना म्हाईत हाय.”

२

पंढरीनं नाव घेतलं ते ठमाबाईचं.

खारवलीत आणि आसपासच्या गावांत ठमाबाईशिवाय हळद होत नसे. ती धवलारीण. लग्नात धवले गाणारी, म्हणजे हळदीपासून सासरी पाठवणीपर्यंतची सगळी गाणी जिच्या तोंडात आहेत अशी बाई. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि गावातली पोरं तिला आते म्हणायची. दिवसा ती निजामपुऱ्याच्या बाजारात सुकी मासळी विकायची. तिचा आवाज गोड नव्हता, भरड होता, पण एकदा लागला की मांडवातली आडदांड माणसंसुद्धा डोळे पुसत हसायची.

या लग्नात मात्र तिला कुणी बोलावलं नव्हतं. दिपालीचा भाऊ भावेश यानं ठाण्याहून मोठा डीजे ठरवला आणि धवल्यांची गरज नाही असं घरात परस्पर सांगून टाकलं. दिपालीला ते पटलं नव्हतं, पण हळदीच्या नवरीचं ऐकतो कोण.

पंढरीचं म्हणणं असं. काल सकाळी ठमाबाई एकटीच विहिरीवर आली होती. तोंडानं पुटपुटत होती. तिनं तांब्याच्या लोट्यात पाणी भरून घेतलं, लोट्याचं तोंड फडक्यानं बांधलं, आणि वज्रेश्वरीची एसटी पकडून निघून गेली. रागाच्या भरात तिनं विहिरीचं सत लोट्यात भरून नेलं आणि तिकडे कुंडात ओतलं, याबद्दल पंढरीला तिळमात्र शंका नव्हती.

धम्मदिनांना हे पोकळ वाटलं. लोटाभर पाण्यात आख्ख्या विहिरीचं सत जातं कसं, असं त्यांनी विचारलं. पंढरीनं सांगितलं की सत काय पाण्यासारखं मापात थोडंच बसतं. आणि ते खरंच बसत नाही.

तरी त्यांनी वज्रेश्वरीला फोन लावला. तिथल्या कुंडावर मृणाली नावाची मुलगी सतमापनाचं काम बघायची. ती फोनवर उत्साहानं सांगू लागली की मॅडम, मीच तुम्हाला करणार होते. काल दुपारी कुंडाचा काटा एकदम वर चढला होता. आम्ही सगळे बघत राहिलो.

किती चढला, धम्मदिनांनी विचारलं.

बहात्तर.

धम्मदिनांनी मनातल्या मनात बेरीज केली. कुंडाचे नेहमीचे बत्तीस आणि खारवलीचे चाळीस. फोनचा आवाज मोठा होता, आणि आजूबाजूच्या बायकांनाही बेरीज येत होती.

३

तरी धम्मदिना लगेच निजामपुऱ्याला गेल्या नाहीत. ज्याला विहीर नको होती, त्याच्याशी त्यांना आधी बोलायचं होतं.

भावेश मांडवाच्या मागे पाण्याच्या टाकीपाशी एकटाच बसला होता. मानकोलीला त्याचे चार ट्रेलर होते, विहिरीमागे गोदामासाठी घेतलेली जागा होती, आणि रस्ता विहिरीवरून गेला तर त्याचा रोजचा मोठा फेरा वाचणार होता. ही गोष्ट गावात सगळ्यांना ठाऊक होती. त्यानं ती लपवलीही नाही. विहीर कधीतरी संरक्षणाच्या यादीतून जावी असं वाटायचं, पण बहिणीच्या हळदीला नाही, असं तो मान खाली घालून म्हणाला. सकाळपासून दिपाली त्याच्याशी बोलली नव्हती.

टाकी कुणी भरली, हे धम्मदिनांनी विचारलं. त्यानंच भरली होती. आठवडाभर विहिरीत पंप सोडला होता, पाहुण्यांच्या पाण्यासाठी. म्हणजे विहिरीत सत असताना भरलेलं पाणीही या टाकीत होतं, आणि सत कुणी पंपानं उपसलं असेल तर ते इथेच सापडायला हवं होतं.

धम्मदिनांनी टाकीच्या तोंडावर काटा धरला. चकती सरळ लटकून राहिली.

त्यांनी भावेशला आणखी एकच विचारलं: ठमाबाईला नको म्हणून सांगायला कोण गेलं होतं? भावेशनं टाकीचं झाकण नीट बसवलं. मग म्हणाला की कुणीच नाही. तिला ते बाजारात कुणाकडून तरी कळलं.

चहा घेऊन दिपाली आली होती. अंगावर पिवळी साडी, हळद मात्र अजून लागलेली नव्हती. तिनं भावाकडे न बघता धम्मदिनांच्या हातात कप दिला आणि हळूच म्हणाली, “मॅडम, आतेनी चोरी न्हाय केली. ती कवा कोनाचा चिमूटभर सुका कोलिमसुदा घेत न्हाय.”

धम्मदिनांनी चहा संपवला, स्कूटर काढली आणि निघाल्या. मागून सावळारामांनी हाक मारून सांगितलं की गावकीची बैठक बसतेय. सूर्य मावळायच्या आत सत परत आलं नाही, तर ठमाबाईचं या गावात गाणं कायमचं बंद.

४

निजामपुऱ्याच्या गल्लीत दोन्ही बाजूंनी कापडाच्या लूमचा खडखडाट असतो, त्यामुळे तिथला प्रत्येक माणूस मोठ्यानं बोलतो. ठमाबाई त्या सगळ्यांच्या वरताण होती. टोपलीत सुकट, बोंबील, वाकटी मांडून ती बसली होती, आणि समोरून जाणाऱ्या लूमवाल्या भय्यांना हिंदीत, बायकांना मराठीत बोलावत होती.

धम्मदिनांनी आपण कशासाठी आलो ते सरळ सांगितलं. ठमाबाईचा चेहरा पडला. पहिल्यांदा तिला वाटलं थट्टा आहे. मग तिनं टोपलीवरचं फडकं उगाच नीट केलं.

राग आला होता, हे तिनं मान्य केलं. दिपाली पाळण्यात होती तेव्हापासून तिच्या हळदीला कोणता धवला म्हणायचा हे ठमाबाईनं ठरवून ठेवलं होतं. पण राग धरून बसायची तिला सवय नव्हती. काल सकाळी उठली, गावात राहिली असती तर तोंडातून वाईट निघालं असतं, म्हणून वज्रेश्वरीला निघाली. पाणी घेतलं ते वाटेत प्यायला. बाहेरचं पाणी तिला चालत नाही. तिथे देवीचं दर्शन घेतलं, कुंडात पाय सोडून बसली. नाशिककडच्या चार-पाच बाया होत्या, त्यांच्याशी गट्टी जमली, गाणीबिणी झाली, त्यांनी हिला जिलेबी खाऊ घातली, हिनं त्यांना बोंबलाचा पत्ता दिला. संध्याकाळच्या गाडीनं परत. राग तिथेच राहिला, असं ती म्हणाली.

लोटा तिच्याजवळच होता. तळाशी थोडं पाणी शिल्लक होतं. तिनं तो न मागता पुढे केला. धम्मदिनांनी काटा धरला. शून्य. यातून काही सिद्ध होत नव्हतं. ओतून टाकलेल्या लोट्यात सत असणारच नाही, असं पंढरी म्हणाला असता.

काटा टोपलीच्या काठावर लटकत ठेवून धम्मदिनांनी पाणी प्यायला बाटली काढली. तेवढ्यात ठमाबाईची एक जुनी गिऱ्हाईक आली. तिला बघून ठमाबाईच्या तोंडून सवयीनं सूर निघाला, “गो बाय, सुकट घे, बोंबील घे, घरवाल्याचा मन राखून घे...” गिऱ्हाईक हसली. चकती जराशी थरथरली. बाजूनं टेम्पो गेला होता. धम्मदिनांनी काटा उचलून पेटीत ठेवला.

निघताना ठमाबाईनं विचारलं, “मॅडम, गावात काय बोलतान? माजा गाना बंद करतीन?”

धम्मदिनांना खोटं बोलता येत नव्हतं. त्यांनी होकारार्थी मान हलवली. ठमाबाईनं गिऱ्हाइकाला मापापेक्षा मूठभर जास्त सुकट घातली आणि तोंड फिरवलं.

५

कोपऱ्यावर एक चहाचं दुकान होतं. धम्मदिना तिथे थांबल्या, कारण विचार करताना त्यांना काहीतरी खायला लागायचं. भजी येईपर्यंत त्यांची नजर मागच्या फळीवर गेली.

तिथे काचेच्या छोट्या बाटल्या रांगेनं मांडल्या होत्या. लाखेनं बंद केलेल्या. वर कागद चिकटवलेला: खारवली जत्रा, सताचं पाणी. पंढरीचा हा जोडधंदा होता. जत्रेच्या दिवशी भरलेल्या बाटल्या तो भिवंडीभर विकायचा. लोक नव्या घरात शिंपडायला न्यायचे.

धम्मदिनांनी या वर्षीच्या जत्रेची बाटली मागितली, लाख फोडली, काटा धरला. शून्य. त्यांनी भज्यांकडे दुर्लक्ष करून गेल्या वर्षीची फोडली. शून्य. त्याच्या मागच्या वर्षीची. तिच्यातही काही नाही. दुकानदार कौतुकानं बघत होता. त्याला वाटलं बाईंना फार तहान लागली आहे.

पहिला विचार साहजिकच मनात आला की पंढरी नळाचं पाणी भरून विकतो. त्यांनी त्यालाच फोन केला. पंढरी फार दुखावला. बाटल्या विहिरीच्या काठावर, सगळ्या गावासमोर, काटा चाळीसवर थांबल्या थांबल्या भरतात, असं त्यानं सांगितलं. लाख खुद्द सावळाराम लावतात. सावळारामांनी फोन हातात घेऊन तेच सांगितलं, आणि मुलीच्या हळदीच्या दिवशी हे काय चाललंय असं विचारून ठेवून दिला.

म्हणजे पाणी खरं होतं. ते काटा चाळीस दाखवत असतानाच भरलेलं होतं. बाटली बंद होती आणि सत मरत नाही. तरी बाटलीत सत नव्हतं.

धम्मदिना गार झालेल्या भज्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी मृणालीला पुन्हा फोन लावला. मघाशी विचारायला हवा होता तो एक प्रश्न राहून गेला होता: आज सकाळी कुंडाचा काटा किती?

नेहमीसारखाच, मृणाली म्हणाली. बत्तीस.

आणि बहात्तरचे बत्तीस कधी झाले?

मृणालीला नेमकी वेळ सांगता आली नाही. पण काल कुंडावर फार मजा होती, असं ती म्हणाली. कुणीतरी मावशी गात होत्या, बायकांनी नुसता फेर धरला होता. त्या मावशी संध्याकाळी एसटीनं गेल्या, मग सगळं शांत झालं. काटाही.

धम्मदिनांनी भजं तोंडात टाकलं, दुकानदाराला बाटल्यांसकट सगळ्याचे पैसे दिले आणि भावेशला फोन केला. ताबडतोब निजामपुऱ्यात ये, आणि येताना गाडी चांगली आण, एवढंच त्या म्हणाल्या.

६

सूर्य खाडीकडे कलला तेव्हा सगळं गाव पुन्हा विहिरीवर होतं. भावेशची गाडी येऊन थांबली. दार उघडून ठमाबाई उतरली ती बाजारातल्याच साडीत, आणि कुणाकडेही न बघता पायऱ्यांपाशी उभी राहिली. गर्दी तिच्यापासून थोडी सरकली.

धम्मदिनांनी भाषण केलं नाही. त्यांनी रिकाम्या केलेल्या तीन बाटल्या काठावर मांडल्या आणि सांगितलं की या विहिरीतून सत कुणीच नेलेलं नाही, कारण या पाण्यात सत कधी नव्हतंच. जत्रेच्या दिवशी, काटा चाळीस दाखवत असताना भरलेल्या बाटल्याही कोऱ्या निघाल्या आहेत. आठवडाभर उपसलेलं टाकीतलं पाणीही कोरं.

सावळारामांचा चेहरा लाल झाला. मग इतकी वर्षं चाळीस वेढे काय हवेत फिरत होते का, असं त्यांनी विचारलं.

त्यावर धम्मदिनांनी त्यांनाच विचारलं की जत्रेला काटा टांगतात तेव्हा इथे काय काय असतं? सावळाराम आठवून सांगू लागले. नारळ असतो, गुलाल असतो, गावकी असते, घागरी असतात. आजही ते सगळं होतं, धम्मदिना म्हणाल्या. काय नव्हतं?

मग बायकांच्या मागून दिपालीचा आवाज आला. “आते नव्हती. जत्रंला आते काठावर बसून गाते.”

काल दुपारी ठमाबाई वज्रेश्वरीच्या कुंडात पाय सोडून गात होती तेव्हा तिथला काटा चाळीस वेढ्यांनी चढला, आणि ती एसटीत बसल्यावर उतरला. ओतलेलं सत असतं तर ते तिथेच राहिलं असतं. आलं आणि गेलं, म्हणजे ते एसटीनं आलं होतं आणि एसटीनं परत गेलं. धम्मदिनांनी हे सांगितलं तेव्हा पंढरीचं तोंड उघडंच राहिलं. आपणही दर वर्षी काटा पाण्याकडे बघत धरला, गाणाऱ्या बाईकडे एकदाही बघितलं नाही, असंही त्या म्हणाल्या. मग ठमाबाईकडे वळून त्यांनी तिला गायची विनंती केली.

ठमाबाईनं नकारार्थी मान हलवली. “सकालधरून मी चोर हाय. चोराचा गाना कशाला आयकता?”

शेवटी भावेश पुढे आला आणि तिच्या पायरीपाशी उकिडवा बसला. आता सगळ्यांदेखत तो म्हणाला, “आते, चुकलो मी. डीजे आणला ते एक. पण तुला सांगायला आलो नाही, ते जास्त वाईट. माझ्यावरचा राग दिपालीवर नको काढू.”

ठमाबाईनं त्याच्याकडे बघितलं. त्याच्या जावळाच्या वेळीही तिनंच गाणं म्हटलं होतं. “राग काल संपला रं,” ती म्हणाली. “आज वाईट वाटला, एवढाच.” आणि ती काठावर, जत्रेला बसायची त्याच जागी, जाऊन बसली.

धम्मदिनांनी काटा टांगला. ठमाबाई गप्प होती तोवर चकतीही गप्प होती. मग तिनं पदर सारखा केला आणि आवाज लावला.

“हलद दलते जात्यावरी, लेक निंगाली सासरी,
बावीच्या पान्या सांग रं, कोन भरील घागरी...”

चकतीनं गिरकी घेतली. एक फेरा, दुसरा, मग मोजणाऱ्यांची गडबड उडाली. बायकांनी घागरी खाली ठेवल्या आणि टाळ्यांचा ठेका धरला. पंढरी डोळे पुसत होता आणि हसत होता, आणि कुणी बघत नाही ना म्हणून इकडेतिकडे बघत होता. सावळारामांनी दोन्ही हात जोडले होते, पण विहिरीला की ठमाबाईला हे त्यांना स्वतःलाही सांगता आलं नसतं.

चाळीस झाले. चकती थांबायला आली, आणि त्याच वेळी ठमाबाईला ठसका लागला. दिवसभर बाजारात ओरडून घसा कोरडा पडला होता. कुणीतरी पाण्याचा पेला पुढे केला. गाणं तुटलं असं सगळ्यांना वाटलं.

पण पुढची ओळ आली. दिपाली म्हणत होती. नवरीनं आपल्याच हळदीचा धवला म्हणायचा नसतो, तिनं लाजून बसायचं असतं. ती मात्र डोळे मिटून, ठमाबाईच्याच भरड चालीत म्हणत होती, लहानपणापासून ऐकून ऐकून पाठ झालेलं. तिच्यामागे तिची एक मैत्रीण, मग दोन चुलत्या, मग सगळ्याच जणी.

धम्मदिना काट्याकडे बघत होत्या. ठमाबाई पाणी पीत होती आणि चकती फिरत होती. उलट आणखी जोरात. सत वाढत नाही असं त्यांनी परीक्षेत लिहिलं होतं, त्यावर गुण मिळवले होते. ते आता त्यांच्या डोळ्यांसमोर वाढत होतं. धाग्याला पिळावर पीळ बसत गेला, त्याच्या गाठी झाल्या, आणि टचकन धागा तुटून चकती विहिरीत पडली.

हसण्याचा एकच लोट उठला. सगळ्यात मोठ्यानं धम्मदिना हसल्या, हे त्यांच्या कचेरीतल्या कुणाला सांगूनही खरं वाटलं नसतं.

हसू ओसरल्यावर सावळारामांनी विचारलं की मग आता विहिरीचं काय. धम्मदिनांनी जे होतं ते सांगितलं. विहिरीत सत नाही, आणि आपण शून्यच कळवणार. सावळारामांनी वाकून पाण्याकडे बघितलं. त्यांचे आजोबा या विहिरीची मिरवणूक काढायचे. मग ते म्हणाले की पाणी गोड आहे ना, तेवढं पुरे. मुलीला हळद याच पाण्यानं लागेल.

भावेशला कुणी काही विचारलं नव्हतं. त्यानं स्वतःच सांगितलं की रस्ता विहिरीमागून, त्याच्या गोदामाच्या जागेतून वळवता येईल. तशी जागा तो लिहून देईल. ट्रेलरला थोडा फेरा पडतो, पडू दे. आतेला बसायला काठ हवा. दिपालीनं सकाळपासून पहिल्यांदा त्याच्याकडे बघितलं आणि त्याच्या पाठीत एक गुद्दा घातला.

मग घागरी भरल्या गेल्या. बायकांची रांग मांडवाकडे निघाली, पुढे दिपाली, आणि धवला एकीच्या तोंडून दुसरीच्या तोंडात जात राहिला. डीजेवाल्यानं आपणहून एक माइक वायरीसकट रस्त्यापर्यंत आणून ठेवला.

ठमाबाई मागे राहून धम्मदिनांच्या शेजारी चालत होती. मग तिनं हळूच विचारलं की आता सत कुणाकडे आहे, तिच्याकडेच आहे की दिपालीकडे गेलं?

धम्मदिनांनी पुढे बघितलं. घागरींतलं पाणी हिंदकळत होतं, आणि वळणापर्यंत सगळी वाट गात होती.

“आत्ता सांगता येणार नाही,” त्या म्हणाल्या. “सगळ्या चालतायत. थांबल्या की मोजते.”

ठमाबाईनं पदर खोचला. “मंग आमी थांबतच न्हाय,” ती म्हणाली, आणि त्यांचा हात धरून रांगेत शिरली.